राखेखालचे रांजण

रांजणात हात घाला, कोपरापर्यंत. दाणे थंड लागतात आणि बोटांमधून ओघळताना जो आवाज करतात तो तुमच्या ओळखीचा आहे. गावाकडच्या घरी कणगीत हात घातला की असाच आवाज येतो. मूठ वर काढून उजेडात धरा. बारीक, चपटे, करड्या सालीचे दाणे. भंडारा-गोंदियाकडचं कोणी शेजारी असतं तर म्हणालं असतं, ही तर लाखोळी! फारसं चुकलंही नसतं. धान उभं असतानाच बांधीत फेकून पेरतात ती लाखोळी आणि हा दाणा एकाच वंशातले, चुलत भावंडं. दोन-तीन दाण्यांना बारीक छिद्रं पडलीत. भुंगेरा लागलाय. त्या भुंगेऱ्याला लक्षात ठेवा, पुढे त्याचं काम आहे.

तुम्ही एजियन समुद्रातल्या थेरा बेटावर आहात, आज ज्याला सांतोरिनी म्हणतात तिथे. काळ इ.स.पू. १६०० च्या आगेमागे. पोस्टकार्डावर दिसतो तो कोयत्यासारखा वाकडा कडा अजून तुटून उरलेला नाही. पांढरी घरं नाहीत, निळे घुमट नाहीत. बेटाच्या दक्षिण टोकाला समुद्राला लागून हे गाव वसलंय. आजच्या शेजारच्या खेड्यावरून आपण त्याला अक्रोतिरी म्हणतो.

कोठीतून बाहेर गल्लीत या. पायाखाली दगडी फरशी आहे आणि फरशीखालून झाकलेली मोरी वाहते. भिंतीच्या पोटात बसवलेल्या मातीच्या नळातून माडीवरच्या शौचकुपाचं पाणी त्या मोरीत उतरतं. हो, माडीवर शौचकूप आहे. घरं दोन-दोन, तीन-तीन मजली. दगडांच्या मधून लाकडाच्या तुळया आडव्या-उभ्या घातल्यात, कारण इथली जमीन हलते आणि बांधणाऱ्याला ते पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे. खाली कोठ्या आणि जाती, वर राहती घरं. वरच्या एका खोलीत माग उभा आहे. ताण्याला बांधलेली मातीची गोल वजनं धोट्याच्या प्रत्येक फेरीबरोबर एकमेकांवर टकटकतात. एकट्या या घरात अशी शेकडो वजनं आहेत. हे विणकरांचं आणि खलाशांचं गाव आहे.

लोक काय बोलतात ते तुम्हाला कळणार नाही. आजच्या ग्रीक माणसालाही कळलं नसतं, कारण ही भाषा ग्रीक नव्हे. मातीच्या वड्यांवर ते जी लिपी कोरतात तिला पंडित ‘लिनिअर ए’ म्हणतात. ती आजवर कुणाला वाचता आलेली नाही. म्हणून ऐकण्यापेक्षा पाहा. या गावाला पाहायला लावायची आवड होती.

पाहायचं म्हणजे भिंती. माझ्या मते जगात कुठल्याही गावाने आपल्या घरातल्या भिंतींवर इतकं प्रेम केलेलं नाही. राजवाडा नव्हे, देऊळ नव्हे, माणसांची राहती घरं. एका लहानशा खोलीत तिन्ही भिंतींवर लाल-पिवळ्या खडकांचे डोंगर उभे आहेत, त्यांच्यावर तांबड्या लिलींचे झुबके आहेत आणि दोन पाकोळ्या हवेत चोचीला चोच लावतायत. त्या खोलीत एकही माणूस रंगवलेला नाही. सगळा वसंत आहे आणि त्याच्या मधोमध एक पलंग ठेवलेला आहे. दुसऱ्या घरात दोन पोरं मुष्टियुद्ध खेळतायत, डोकी भादरलेली, फक्त काही लांब बटा सोडलेल्या. आणखी एका घरात एक नागवा कोळीपोर दोन्ही हातांत दोरीला ओवलेल्या मासळीचे घोस धरून उभा आहे. कोकणातल्या कुठल्याही बंदरावर असं पोर आज संध्याकाळी दिसेल.

मग त्या मोठ्या घरात जा, जिथे बायका केशर खुडतायत. खरीखुरी केशराची फुलं, कड्याकपारींत उगवलेली. एक मुलगी ओणवी होऊन खुडते आणि मान वळवून मैत्रिणीकडे पाहते. कानांत मोठे वाळे आहेत. एक जण बसकण मारून आपलं दुखावलेलं पाऊल हातात धरून बसली आहे. टोपल्या भरून केशर जातं ते उंच आसनावर बसलेल्या देवीकडे. देवीच्या पुढ्यात एक निळं माकड उभं राहून तिला ते अर्पण करतंय.

या निळ्या माकडांशी थोडं थांबा. दुसऱ्या एका घराच्या भिंतीवर त्यांचा अख्खा कळप खडकावर चढतोय. ग्रीसमध्ये माकडं नाहीत. बरीच वर्षं मानलं गेलं की ही आफ्रिकेतली, इजिप्तमार्गे आलेली. पण २०२० च्या सुमारास पुरातत्त्वज्ञांनी माकडांच्या अभ्यासकांना शेजारी बसवून ही चित्रं पुन्हा पाहिली आणि त्यांचं मत पडलं की शेपटी अशी वर उचलून वळवणारं हे जनावर वानर असावं. आपलं, भारतीय उपखंडातलं, लांब शेपटीचं वानर. एका अभ्यासाने प्रश्न मिटत नाही हे खरं. तरी तुम्ही ती शेपटी नीट पाहा. महाबळेश्वरच्या वाटेवर, नाशिकजवळच्या अंजनेरीवर, वाड्याच्या कौलांवर तुम्ही ती शेकडो वेळा पाहिली आहे. सिंधूच्या काठचा माल मेसोपोटेमियापर्यंत जात होता, तिथून पुढे पश्चिमेकडे माणसं, वस्तू आणि गोष्टी जात होत्या. कुणीतरी ते जनावर पाहिलं असेल आणि या बेटावरच्या चिताऱ्याच्या हातात त्याचं अंग उतरलं असेल. मला हे खरं असावंसं वाटतं, आणि तसं वाटणं मी लपवत नाही.

भूक लागली असेल. अंगणात शेगडीचे मातीचे दोन बुटके आधार समोरासमोर ठेवलेत, टोकांना जनावरांची मुंडकी घडवलेली. वरच्या कडेला खाचा आहेत, त्यांत मांस ओवलेल्या सळ्या आडव्या ठेवायच्या. खाली भोकांची रांग आहे, निखाऱ्यांना वारा मिळावा म्हणून. अथेन्सच्या रस्त्यावर आज जी सुवलाकी मिळते तिची ही खापरपणजी. बरोबर जवाची भाकरी, मधाचा घट, अंजीर, गोगलगायी, ऑलिव्हचं तेल. टोमॅटो मागू नका, तो अमेरिकेतून यायला अजून तीन हजार वर्षं आहेत. मागा ती रांजणातली डाळ. साल काढून, शिजवून, घोटून ती पिवळी होते. वर तेलाची धार.

खाताना भिंतीकडे पाहिलंत का? तिथे तडा आहे. जिना मधोमध दुभंगलाय, प्रत्येक पायरी दोन तुकड्यांत. काही दिवसांपूर्वी, की काही महिन्यांपूर्वी, इथे मोठा भूकंप होऊन गेलाय. लोक गाव सोडून गेले होते आणि परत आलेत. गल्लीगल्लीत ढिगारे नीट रचून बाजूला केलेत. जड दगडी घणांनी डुगडुगत्या भिंती पाडण्याचं काम चाललंय. पलंग बाहेर काढून ठेवलेत. शाबूत उरलेल्या घरांची डागडुजी तर सुरूही झालीय. एका खोलीत दोन भांडी आहेत, एकात गिलावा कालवलेला, दुसऱ्यात तांबडा रंग. कुणीतरी भिंत नव्याने रंगवायला घेतलीय. घर पडल्यावर आधी रंगाकडे वळणारी माणसं होती ही.

तो रंग वाळायच्या आत ती निघून गेली.

कारण एका दिवशी ज्वालामुखी डोंगरातून बारीक राख उडाली. फार नाही, पिठाची चाळण झटकल्यासारखा पातळ थर. जमिनीने आधी हलून सांगितलं होतं, आता डोंगर सांगत होता. त्यांनी ऐकलं. रांजण भरलेले तसेच ठेवून, काही भांडी वाचावीत म्हणून दारांच्या चौकटींखाली सरकवून ते चालते झाले. गावात सोनं-नाणं जवळजवळ सापडलेलं नाही. १९९९ मध्ये एका लाकडी पेटीच्या खुणेत सोन्याचा एक छोटासा रानबोकड मिळाला, तो एकटाच मागे राहिलेला. मृतदेह तर एकही सापडला नाही. पॉम्पेईत माणसांचे साचे मिळतात, इथे पलंगांचे आणि मेजांचे. लाकूड कुजून राखेत पोकळी उरली, तिच्यात प्लास्टर ओतलं की तीन पायांचं कोरीव मेज जसंच्या तसं उभं राहतं.

नंतर जे झालं ते पाहायला तुम्ही थांबू नका, कुणीच थांबू शकलं नसतं. प्युमिसचा, म्हणजे फेसाळ हलक्या दगडाचा पाऊस पडला, मग तापलेल्या वायू-राखेचे लोट आले, मग बेटाचा पोट पोखरलेला मधला भाग समुद्रात बसला. काही ठिकाणी राखेचा थर पन्नास-साठ मीटर जाडीचा आहे. दोन-तीन शनिवारवाडे एकावर एक ठेवले तरी वर आकाश दिसायचं नाही. त्या राखेत सापडलेल्या ऑलिव्हच्या एका फांदीवरून आणि इतर पुराव्यांवरून साल किती याचा वाद अजून चालू आहे, सतरावं शतक की सोळावं. पण ऋतू कोणता ते कळलंय, आणि ते सांगितलं आपल्या भुंगेऱ्याने. रांजणातल्या डाळीत हे किडे ज्या अवस्थेत जळून कोळसा झाले त्यावरून अभ्यासकांनी काढलं: उन्हाळ्याची सुरुवात, जून किंवा जुलैचा आरंभ. पीक नुकतंच काढून घरात भरलं होतं.

पुढचं हजारेक वर्षांचं अंतर झरकन ओलांडा. तुम्ही याच बेटावरच्या मेसा वुनो डोंगराच्या उघड्या कण्यावर उभे आहात, दोन्ही बाजूंना समुद्र, आणि वारा अंगावरचं वस्त्र ओढून नेतोय. आता इथे ग्रीक बोलतात. स्पार्टाकडून आलेल्या लोकांनी हे उंच शहर बांधलंय. हिरोडोटसने लिहून ठेवलंय त्याप्रमाणे सात वर्षं पाऊस नाही, बेटावरची एक सोडून सगळी झाडं वाळलीत. देवाचा कौल आला आहे की लिबियात वस्ती करा. ज्या घरात दोन भाऊ त्यातल्या एकाने जायचं, चिठ्ठ्या टाकून. पन्नास वल्ह्यांची दोन गलबतं निघाली. मग त्यांना जमेना आणि ती परत फिरली. किनाऱ्यावर त्यांच्याच भावांनी शस्त्रं फेकून मारली, उतरू दिलं नाही. ती माणसं माघारी गेली आणि त्यांनी आफ्रिकेत किरीनी नावाचं मोठं शहर उभारलं. ही गोष्ट मी जेव्हा जेव्हा वाचतो तेव्हा मला किनाऱ्यावरच्या भावाचा हात आठवतो, गलबतातल्याचा नव्हे. दुष्काळाने कोरड्या पडलेल्या गावातून एकाला कायमचं बाहेर काढणं काय असतं, हे माणदेशातल्या माणसाला समजावून सांगावं लागणार नाही.

आता १८६० च्या दशकात या. बेट ओळखू येत नाही. मधोमध समुद्र भरलाय, त्याच्या कडेने तीनशे मीटर उंच कडे, काळ्या, तांबड्या, करड्या थरांचे, आणि सगळ्यात वर पांढरा जाड पट्टा: तीच राख. लोक तिच्यात घरं कोरून राहतात. राख खणायला मऊ आणि उभी राहायला भक्कम. उन्हाळ्यात आत गारवा, थंडीत ऊब. कमानीच्या छतावर पडलेलं पावसाचं पाणी खालच्या टाक्यात जातं, कारण या बेटाला नदी नाही. भिंतींना चुना, आणि दाराखिडक्यांच्या निळ्या रंगाला ‘लुलाकी’, म्हणजे आपण धुतलेल्या कपड्यांना घालतो ती नीळ.

समोरच्या थिरासिया बेटाच्या कड्यावर मजूर राख फोडून खाली जहाजांत ओततायत. ही माती चुन्यात मिसळली की पाण्याखालीही घट्ट होते. ती चाललीय इजिप्तला, पोर्ट सईदच्या धक्क्यांसाठी, सुएझ कालव्याच्या कामाला. खणता खणता पहारी दगडी भिंतींना लागल्या. राखेखाली घरं होती. १८६७ मध्ये फुके नावाच्या फ्रेंच भूशास्त्रज्ञाने अक्रोतिरीजवळही खणून पाहिलं. नोव्हेंबर १८६९ मध्ये कालवा उघडला आणि मुंबईहून विलायतेला जाणाऱ्या बोटींचा आफ्रिकेला घालायचा वळसा संपला. बॅरिस्टर व्हायला निघालेली आपली किती माणसं पोर्ट सईदला धक्क्यावर पाय मोकळे करायला उतरली असतील. त्या धक्क्यांत ज्या राखेने एक गाव पुरलं होतं ती राख होती.

ऑगस्ट १९५५. द्राक्षांची काढणी आहे, इथल्या बोलीत ‘वेंदेमा’. नाशिक-सांगलीच्या मांडवांची सवय असलेल्या डोळ्यांना आधी मळाच दिसत नाही. उजाड फुफाट्यात जागोजागी हिरवी घरटी पडल्यासारखी वाटतात. वेल वर चढवत नाहीत, जमिनीलगत गोल गोल गुंफून त्याची टोपली करतात आणि घड आत ठेवतात, वाऱ्यापासून आणि वाळूपासून जपून. वर्षातून थोडा पाऊस, बाकी पाणी पहाटेच्या धुक्याचं. प्युमिसचे खडे स्पंजसारखे ते दव पिऊन ठेवतात आणि दिवसभर मुळांना पुरवतात. एकोणिसाव्या शतकात फायलोक्सेरा किड्याने युरोपातले द्राक्षमळे खाल्ले. या राखेत तो किडा जगत नाही, म्हणून इथल्या वेलांची मुळं अजून स्वतःचीच आहेत, काही तर कित्येक पिढ्या जुनी. गुडघे टेकून टोपलीत हात घाला. आसिर्तिको जातीचा घड कोमट लागतो. काही घड आठवडा-दोन आठवडे उन्हात पसरून मनुक्यांच्या बेताला आणतील आणि त्याची विन्सांतो ही गोड, गडद वाइन करतील. ती कधीकाळी इथल्या कप्तानांच्या जहाजांतून रशियाच्या चर्चपर्यंत जायची.

किनाऱ्याकडून टोमॅटो शिजल्याचा वास येतोय. व्लिखादाच्या कारखान्यात बायका छोटे, जाड सालीचे टोमॅटो निवडतायत, डब्यात भरायला. बेटाचं पोट त्यावर चाललंय. तुम्हाला कुणी पांढऱ्या वांग्याचं काप तळून देईल, जवळजवळ बिनबियांचं, गोड. वांगं मूळचं आपल्याकडचं. ते इथवर चालत आलं आणि इथल्या राखेत रुजलं, हे ऐकून तुम्हाला आनंद व्हावा.

मग पुढच्या वर्षीची ९ जुलैची पहाट, पाच वाजून काही मिनिटं. विसाव्या शतकात ग्रीसने पाहिलेल्या सर्वांत मोठ्या भूकंपांपैकी एक. राखेत कोरलेली घरं राखेत मिटली, पन्नासावर माणसं गेली. जी उरली त्यांतली कितीतरी गाठोडी घेऊन अथेन्सकडे, पिरेअस बंदराला जाणाऱ्या बोटीत बसली. इया गावातले कप्तानांचे वाडे वर्षानुवर्षं आभाळ पाहत उभे राहिले.

रिकाम्या होत गेलेल्या त्या बेटावर १९६७ मध्ये स्पिरिडॉन मारिनातोस आले. थेराच्या स्फोटाने क्रीट बेटावरच्या मिनोअन संस्कृतीला धक्का दिला, हे मत त्यांनी १९३९ मध्येच मांडलं होतं. शेताची जमीन जिथे खचायची तिथे त्यांनी खणायला लावलं आणि थोड्याच खोलीवर भिंती लागल्या. ऑक्टोबर १९७४ मध्ये त्याच उत्खननात त्यांचा मृत्यू झाला. पुढचं काम क्रिस्तोस दुमास यांनी दशकानुदशकं सांभाळलं. आज मोठ्या छपराखालच्या लाकडी पुलांवरून तुम्ही त्या गल्लीत उतरता. दुभंगलेला जिना तसाच आहे. रांजण तसेच आहेत, ओळीने, तोंडं उघडी. हात घालायला मात्र मनाई आहे.

म्हणून पिर्गोस गावात चढून या आणि जेवायला बसा. ताटलीत पिवळं घट्ट वरण येतं, तेलाची धार, कच्चा कांदा, लिंबू. याला ‘फावा’ म्हणतात. त्यावर शिजवलेला कांदा-टोमॅटो आणि केपराच्या कळ्या घातल्या की तिला ‘पांद्रेमेनी’ म्हणतात, लग्न झालेली फावा. पहिला घास घ्या. चव मातकट, किंचित गोड, मागे थोडा धुराचा भास. हाच तो दाणा, त्याच वनस्पतीचा, जो तुमच्या मुठीतून ओघळला होता. मधल्या काळात लिपी गेली, भाषा गेली, देवी गेली, केशर खुडणाऱ्या पोरी गेल्या. डाळ राहिली.

वाढणारी बाई फेब्रुवारी २०२५ बद्दल सांगते. हजारो धक्के, रोज, तासातासाला. शाळा बंद. अकरा हजारांहून जास्त लोक बोटींनी आणि विमानांनी बेट सोडून गेले. ती धक्क्यावर रांगेत उभी होती, बॅगेत कागदपत्रं आणि मुलाचे बूट. मोठा भूकंप काही आला नाही. वसंतात ती परतली आणि आधी भिंतीला चुना लावला. तुम्हाला ती दोन भांडी आठवतात, गिलाव्याचं आणि तांबड्या रंगाचं, पण तुम्ही बोलत नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे ती तुम्हाला सासरच्या शेतात नेते. जून उजाडतोय. अजून अंधार आहे आणि धुकं समुद्रावरून वर चढून शेतात पसरलंय. पायाखाली प्युमिसचे खडे कुरकुरतात. तीन-चार बायका आधीच वाकून कामाला लागल्यात, त्यातल्या सर्वांत वयस्क बाईला सगळ्या ‘थिया’ म्हणतात, जसं आपण मावशी म्हणतो. थिया तुमच्याकडे न पाहताच हाताने दाखवते: मुळाशी धरायचं, सबंध उपटायचं, झटका द्यायचा नाही. शेंगा दवाने ओल्या आहेत तोवरच मिटून राहतात. ऊन आलं की तडकतात आणि दाणा राखेत विखरून जातो. तुम्ही वाकता. बोटांना ओलं लागतं. पूर्वेला उजळायला लागलंय आणि शेताचा अर्धा पट्टा अजून बाकी आहे.